रिव्हॅलचा (पुनर्मूल्यांकनाचा) अर्ज करून ८१ दिवस झाले, निकाल नाही. कायद्याने काय करता येतं?

पान_सतरा | १४ ऑक्टोबर २०२५

नमस्कार. मी बी.एस्सी. केमिस्ट्रीच्या शेवटच्या वर्षाला होते. सहाव्या सेमिस्टरचा शेवटचा पेपर ९ मेला झाला आणि निकाल २८ जूनला लागला. बाकी सगळे विषय सुटले, पण फिजिकल केमिस्ट्रीत ८० पैकी २९. पास व्हायला ३२ लागतात. हा माझा सगळ्यांत आवडीचा विषय आहे, म्हणून निकाल बघून मी दोन दिवस कुणाशी बोलले नाही.

३ जुलैला उत्तरपत्रिकेच्या फोटोकॉपीसाठी अर्ज केला, ती २२ जुलैला मिळाली. प्रश्न ४ (ब) ८ गुणांना होता, नर्न्स्ट समीकरण काढून दाखवायचं आणि त्यावर एक गणित. मी तो पान १७ आणि १८ वर सोडवलाय. पान १६ वर शेवटी तपासणाऱ्यांची लाल खूण आहे, पान १९ वर पहिल्याच ओळीला खूण आहे, आणि मधली दोन्ही पानं कोरी करकरीत. ना बरोबर, ना चूक, ना शून्य. मुखपृष्ठावरच्या तक्त्यात ४ (ब) च्या चौकटीत फक्त एक आडवी रेघ. बहुतेक पानं एकमेकांना चिकटली असावीत आणि उलटताना दोन्ही एकदम उलटली गेली.

२५ जुलैला पुनर्मूल्यांकनाचा अर्ज भरला, पैसे भरले, पावती आहे. आज १४ ऑक्टोबर. साइटवर स्टेटस 'प्रक्रियेत'. विद्यापीठ आमच्या गावापासून ९० किलोमीटरवर आहे. मी तीनदा एसटीने जाऊन आले. पहिल्यांदा खिडकीवर सांगितलं, साइट बघत राहा. दुसऱ्यांदा सांगितलं, कॉलेजमार्फत या. कॉलेज म्हणालं, आमच्या हातात काही नाही. तिसऱ्यांदा मी फोटोकॉपीची ती दोन पानं काढून दाखवली. तिथल्या बाई चांगल्या होत्या, त्यांनी पानं नीट बघितली, पण म्हणाल्या, "अगं, आमच्याकडे गठ्ठाच आला नाही तर मी काय करू?"

एम.एस्सी.ला गुणवत्ता यादीत नाव होतं. शेवटच्या वर्षाची गुणपत्रिका देता आली नाही म्हणून ते गेलं. आता पुरवणी परीक्षेच्या फॉर्मची शेवटची तारीख २४ ऑक्टोबर आहे. फॉर्म भरला तर मी नापास असल्याचं कबूल केल्यासारखं होईल का? नाही भरला आणि रिव्हॅलही आलं नाही तर आणखी सहा महिने जातील. वडील म्हणतात, नाद सोड, परत परीक्षा दे. पण मी तो प्रश्न सोडवलाय. तो कुणी वाचलाच नाही.

कोर्टात जायचं तर किती खर्च येतो, कुठल्या कोर्टात जायचं, त्याआधी काय करावं लागतं, यातलं मला काहीही माहीत नाही. कुणी सांगेल का?

निळी_शाई | १४ ऑक्टोबर

ग्राहक आयोगात तक्रार टाका. पैसे घेऊन सेवा दिली नाही, सरळ केस आहे. नुकसानभरपाईसुद्धा मागता येईल. वकीलही लागत नाही.

काळा_कोट_७ | १४ ऑक्टोबर

वरचा सल्ला मनापासून दिलेला आहे, पण तो ऐकू नका, त्यात वर्ष जाईल. बिहार शालेय परीक्षा मंडळाच्या एका प्रकरणात एकच आसनक्रमांक दोन विद्यार्थ्यांना दिला गेला होता आणि एकाचा निकालच लागला नाही. तो ग्राहक न्यायालयांत जिंकत गेला, आणि २००९ साली सर्वोच्च न्यायालयाने ते सगळे आदेश रद्द केले. परीक्षा घेणं, पेपर तपासणं, निकाल लावणं ही 'सेवा' नाही आणि परीक्षार्थी 'ग्राहक' नाही, असं न्यायालयाने स्पष्ट म्हटलं. फी भरली एवढ्याने तो ग्राहक होत नाही.

आता तुमच्या प्रकरणाकडे येतो. तुमच्याकडे दोन वेगळ्या तक्रारी आहेत आणि तुम्ही त्या एकत्र मांडताय. एक, गुण कमी मिळाले. दोन, ८१ दिवस काहीच झालं नाही. न्यायालयासमोर या दोन्हींचं वजन सारखं नसतं.

गुणांच्या बाबतीत न्यायालयं हात आखडता घेतात. आपल्याच राज्य मंडळाविरुद्ध परितोष शेठ यांचं प्रकरण १९८४ साली सर्वोच्च न्यायालयात गेलं होतं. नियमात पुनर्मूल्यांकनाची सोय नसेल तर तो हक्क म्हणून मागता येत नाही, असं तेव्हा ठरलं. पुढे रणविजय सिंह प्रकरणातही न्यायाधीशांनी स्वतः उत्तरपत्रिका तपासायला बसू नये असंच सांगितलं गेलं. 'मला जास्त गुण द्या' ही मागणी घेऊन गेलात तर बहुधा रिकाम्या हाताने परत याल.

दिरंगाईचं तसं नाही. विद्यापीठाच्या नियमात पुनर्मूल्यांकन आहे, त्यांनी तुमचा अर्ज आणि पैसे घेतलेत. आता तो अर्ज निकाली काढणं हे त्यांचं कर्तव्य झालं. सार्वजनिक संस्था कर्तव्य पार पाडत नसेल तर संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालय परमादेश काढू शकतं: अमुक तारखेपर्यंत निर्णय घ्या. तुम्ही तारीख मागा. गुण मागू नका.

न तपासलेला प्रश्न ही तिसरीच गोष्ट आहे आणि ती तुमच्या बाजूने सगळ्यांत जड आहे. उत्तर चांगलं की वाईट हा वाद तिथे नाहीच. पान न वाचणं ही मूल्यांकनातली उघड चूक आहे. त्यासाठी पुनर्मूल्यांकनाची वाट न बघता वेगळा अर्ज द्या: 'प्रश्न ४ (ब), पान १७ व १८, गुणदान झालेले नाही, दुरुस्ती करावी'. सोबत त्या पानांची आणि मुखपृष्ठाची प्रत जोडा.

आणि पुरवणीचा फॉर्म भराच. फॉर्मसोबत एका ओळीचं पत्र द्या: 'माझा पुनर्मूल्यांकनाचा अर्ज प्रलंबित असून त्यावरील हक्क अबाधित ठेवून हा अर्ज भरत आहे.' त्याची पोहोच घ्या. मग कबुलीचा प्रश्न येत नाही.

गठ्ठा_क्रमांक | १४ ऑक्टोबर, रात्री

बाळ, मी एका विद्यापीठाच्या परीक्षा विभागात २६ वर्षं काढून निवृत्त झालो. ते विद्यापीठ तुझं नव्हे. तुला आतली गोष्ट सांगतो, म्हणजे नेमकं कुठे बोट ठेवायचं ते कळेल.

रिव्हॅलचा अर्ज आला की आधी उत्तरपत्रिका गोदामातून शोधून काढावी लागते. मग आसनक्रमांक झाकून सांकेतिक क्रमांक घालायचा, पेपरनिहाय गठ्ठा बांधायचा, परीक्षकाच्या नेमणुकीची टिपणी सहीला पाठवायची, आणि मग गठ्ठा बाहेर पडतो. तपासायला वेळ लागतच नाही. दहा-बारा पेपर एक प्राध्यापक दुपारच्या चहापर्यंत संपवतो. वेळ जातो तो त्याच्या आधी. पहिल्या वर्षाच्या पेपरांचे शेकड्यांनी अर्ज येतात, ते गठ्ठे आधी हलतात. शेवटच्या वर्षाच्या एखाद्या स्पेशल पेपरला दहाच अर्ज असले की तो गठ्ठा कपाटावर राहतो. मुद्दाम कुणी ठेवत नाही, पण त्याची आठवण करून देणाराही कुणी नसतो. ही गोष्ट मला नोकरीत असतानाही टोचायची, आज जास्त टोचते.

म्हणून कागद आत गेला पाहिजे, आणि आवक क्रमांकासह गेला पाहिजे. खिडकीवरचं बोलणं हवेत विरतं. आवक नोंदवहीत चढलेला कागद मात्र कुणाच्या तरी टेबलावर 'प्रलंबित' म्हणून दिसत राहतो. पत्र कुलसचिवांच्या नावे लिही, प्रत परीक्षा व मूल्यमापन मंडळाच्या संचालकांना, प्रत कुलगुरूंना. खिडकीवर घेत नसतील तर मुख्य आवक-जावक विभागात जा, तिथे घेतात. तिथेही अडलं तर पोहोचपावतीसह स्पीड पोस्ट कर. १ सप्टेंबरपासून रजिस्टर्ड पोस्ट त्यातच विलीन झालंय. दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख आणि क्रमांक घेतल्याशिवाय टेबल सोडू नकोस.

पत्रात एक वाक्य विसरू नकोस: 'प्रकरण निकाली निघेपर्यंत माझी मूळ उत्तरपत्रिका जतन करावी.' जुन्या उत्तरपत्रिका ठरावीक मुदतीनंतर रद्दीत जातात. कोर्टाने उद्या मागितली आणि इथे ती नसली तर कुणाचाच इलाज चालत नाही.

आणखी एक. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ चं कलम ८९ वाच. शेवटच्या पेपरपासून ३० दिवसांत निकाल लावायचा प्रयत्न करायचा, आणि काही झालं तरी ४५ दिवसांत लावायचाच. नाही जमलं तर कारणांचा सविस्तर अहवाल कुलपती आणि शासनाकडे पाठवायचा. तुझा पेपर ९ मेला संपला आणि निकाल २८ जूनला, म्हणजे ५० दिवस. ते कलम मूळ निकालाबद्दल आहे, रिव्हॅलबद्दल नाही, पण दिरंगाई निकालापासूनच सुरू झाली हे पत्रात लिहायला तुझा आधार पक्का आहे. रिव्हॅलची मुदत तुमच्या विद्यापीठाच्या परीक्षाविषयक नियमांत किंवा परिपत्रकात शोध. सापडली तर तिचा क्रमांक आणि तारीख पत्रात घाल.

कुलपतींना, म्हणजे राज्यपालांना, प्रत पाठवून काय होतं असं बरेच जण म्हणतात. २०१७ साली मुंबई विद्यापीठात ऑनस्क्रीन तपासणीमुळे निकाल रखडले तेव्हा कुलपतींनीच ३१ जुलैची मुदत घातली होती, आणि त्याच ऑक्टोबरात कुलगुरूंना पदावरून जावं लागलं. एका अर्जाने एवढं होत नाही, पण राजभवनातून आलेलं साधं 'अहवाल सादर करा' सुद्धा परीक्षा विभागात फार लवकर वाचलं जातं. मी ते पाहिलंय.

थोरला_भाऊ | १५ ऑक्टोबर

माझ्या धाकट्या भावासाठी आम्ही तीन वर्षांपूर्वी उच्च न्यायालयात गेलो होतो, म्हणून अनुभव सांगतो. दुसऱ्या तारखेला आदेश झाला: दोन आठवड्यांत पुनर्मूल्यांकनाचा निकाल जाहीर करा. विद्यापीठाने नवव्या दिवशी लावला. भाऊ पास झाला.

पण आमची एक चूक झाली, ती तुम्ही करू नका. याचिकेत आम्ही फक्त विद्यापीठाला प्रतिवादी केलं. जिथे पुढचा प्रवेश हवा होता त्या कॉलेजला केलंच नाही. आदेश आला, गुणपत्रिका आली, आणि कॉलेज म्हणालं, आमच्यावर कुठला आदेश आहे? जागा भरली होती. ती गुणपत्रिका हातात घेऊन आम्ही त्या कॉलेजच्या पायऱ्यांवर बसलो होतो, ते अजून डोळ्यांसमोरून जात नाही.

काळा_कोट_७ | १५ ऑक्टोबर

हे फार महत्त्वाचं सांगितलंत. पुढच्या प्रवेशाची जागा राखून ठेवण्याचा अंतरिम आदेश हवा असेल तर ते कॉलेज आणि प्रवेश देणारं प्राधिकरण दोघंही प्रतिवादी हवेत. आणि तो अंतरिम प्रवेश मिळाला तरी शेवटी निकाल विरुद्ध गेला तर त्यातून हक्क निर्माण होत नाही, हे मनाशी धरून चाला.

कुठे जायचं ते तुमच्या जिल्ह्यावर आहे: मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगर. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गसाठी १८ ऑगस्टपासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालंय, मुंबईची वारी वाचली.

खर्चाबद्दल: तुम्ही स्त्री आहात, त्यामुळे विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ खाली मोफत वकील मिळण्याचा तुम्हाला हक्क आहे. त्याला उत्पन्नाची अट नाही. तालुका न्यायालयातल्या विधी सेवा समितीत जा किंवा १५१०० वर फोन करा. ही मेहेरबानी नाही, मागायला संकोच करू नका.

पण आजच्या आज याचिका नको. आधी लेखी मागणी आणि तिला नकार किंवा मौन, हे दाखवावं लागतं. तुमच्याकडे अजून एकही शिक्का मारलेला कागद नाही. शिवाय मधली एक पायरी तुमच्यासाठीच आहे. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०२३ च्या विद्यार्थी तक्रार निवारण विनियमांत, वेळापत्रकापलीकडे निकाल रखडवणं ही तक्रार म्हणून धरलेली आहे. विद्यार्थी तक्रार निवारण समितीने तक्रार मिळाल्यापासून कामकाजाच्या १५ दिवसांत अहवाल द्यायचा असतो. तो पटला नाही तर १५ दिवसांत लोकपालांकडे अपील, आणि त्यांनी ३० दिवसांत निकाल द्यायचा. लोकपाल म्हणजे निवृत्त कुलगुरू, निवृत्त प्राध्यापक किंवा माजी जिल्हा न्यायाधीश. तिथे वकील लागत नाही. नुसतं 'पुन्हा तपासा' म्हणणारे अर्ज लोकपाल घेत नाहीत, पण निकालावर परिणाम करणारी ठोस अनियमितता दाखवली तर घेतात. तुमची दोन कोरी पानं म्हणजे नेमकी तीच.

गठ्ठा_क्रमांक | १५ ऑक्टोबर

त्याच दिवशी माहिती अधिकाराचा अर्जही टाक. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, अर्ज १५० शब्दांत आणि एकाच विषयावर, नाहीतर परत येतो. 'विलंब का झाला' असं विचारू नकोस. 'का' ला उत्तर देणं त्यांच्यावर बंधनकारक नाही. तारखा माग. अर्ज पुनर्मूल्यांकन कक्षाला कोणत्या तारखेला मिळाला, परीक्षक नेमणुकीची टिपणी कोणत्या तारखेला सादर झाली, उत्तरपत्रिका परीक्षकाकडे कोणत्या तारखेला गेली, आणि त्या टिपणीची प्रत. ३० दिवसांत उत्तर आलं नाही तर पहिलं अपील. स्वतःची उत्तरपत्रिका बघण्याचा हक्क तर सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्येच याच कायद्याखाली मान्य केलाय.

पान_सतरा | १५ ऑक्टोबर, संध्याकाळी

सकाळच्या पहिल्या एसटीने गेले. काल रात्री जागून पत्रं लिहिली होती. खिडकीवर नाहीच घेतलं. आवक-जावक विभागात एक काका होते, त्यांनी न बोलता चारही कागदांवर शिक्का मारला आणि क्रमांक घातला. दुरुस्तीचा अर्ज, विलंबाबद्दलचं पत्र, समितीकडे तक्रार, माहिती अधिकार. पुरवणीचा फॉर्मही भरला, त्या एका ओळीच्या पत्रासह. परतीच्या गाडीत शिक्के पुन्हा पुन्हा बघत होते.

पान_सतरा | २१ नोव्हेंबर

उशिरा लिहितेय, पण ज्यांनी ज्यांनी मदत केली त्यांना सांगायलाच हवं.

१२ नोव्हेंबरला माहिती अधिकाराचं उत्तर आलं. माझा अर्ज कक्षाला २९ जुलैला मिळाला होता. उत्तरपत्रिका परीक्षकाकडे गेली १७ ऑक्टोबरला. म्हणजे माझी पत्रं आवक झाल्यावर दोनच दिवसांनी. त्याआधीचे ८० दिवस त्या कागदावर काहीच नाही. एका तारखेखाली सरळ दुसरी तारीख. गठ्ठा_क्रमांक काका, तुम्ही म्हणालात तसा गठ्ठा कपाटावरच होता.

१७ नोव्हेंबरला निकाल आला. २९ चे ३६ झाले. ४ (ब) ला ८ पैकी ५, आणि आणखी एका प्रश्नात २ वाढले. पुरवणीचा पेपर दोन दिवसांवर होता, हॉल तिकीट काढून ठेवलं होतं, अभ्यासही चालू होता. वडिलांनी ती स्क्रीन दोनदा वाचली आणि बाहेर ओट्यावर जाऊन बसले.

समितीची सुनावणी दिवाळीनंतर झाली. अहवालात लिहिलंय की निकाल लागल्याने तक्रार निकाली काढण्यात येत आहे. एम.एस्सी.च्या जागेबद्दल आणि ८० दिवसांबद्दल एक शब्द नाही. म्हणून मी लोकपालांकडे अपील टाकतेय. मुदत २ डिसेंबरला संपते, मसुदा तयार आहे. मागणी एवढीच ठेवलीय की पुनर्मूल्यांकनाची मुदत लेखी ठरवावी आणि प्रत्येक अर्जाची तारीखवार स्थिती साइटवर दिसावी. जागेचं काय करता येईल यासाठी तालुक्याच्या विधी सेवा समितीने वकील दिलेत, सोमवारी भेट आहे.

टिपणीच्या प्रतीत अजून एक गोष्ट दिसली. त्या गठ्ठ्यात माझ्यासह १२ उत्तरपत्रिका होत्या. नावं झाकलेली आहेत, कॉलेजं वेगवेगळी आहेत. उरलेल्या ११ जणांचाही निकाल त्याच दिवशी लागला असणार, आणि त्यांनाही कदाचित माहीत नसेल की गठ्ठा ८० दिवस हललाच नव्हता. मे महिन्यात फिजिकल केमिस्ट्रीचा पेपर दिलेलं आणि रिव्हॅल टाकलेलं कुणी हे वाचत असेल तर मला निरोप टाका. अपिलात तुमचंही नाव घालता येईल. २ तारखेच्या आत.